याचिका निकाली, धमकी कायम

जिवाला धोका असलेला माणूस न्यायालयात जातो तेव्हा त्याच्या हातात खरे तर दोन तक्रारी असतात. एक धमकी देणाऱ्याविरुद्धची. दुसरी, याचिकेत फार सौम्य शब्दांत मांडलेली, पोलिसांविरुद्धची. ठाण्याने वेळेवर दखल घेतली असती, तर त्याला वकील शोधण्याची, प्रतिज्ञापत्र करण्याची आणि आपली भीती खरी आहे हे कागदोपत्री सिद्ध करण्याची वेळ आली नसती. असे असूनही ‘कोर्टातून संरक्षण मिळवले’ हे वाक्य आपल्याकडे लढाई जिंकल्याच्या सुरात बोलले जाते आणि बातमीही तिथेच संपते. आदेशानंतर हवालदार खरोखर आला का, किती दिवस राहिला, आणि ज्याने धमकी दिली होती तो त्या काळात कुठे होता, हे विचारायला फारसे कोणी उरत नाही. न्यायालयाकडून पोलीस संरक्षण मागण्याचा मार्ग आवश्यक आहे आणि तो कोणी अडवू नये, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. पण आज तो ज्या रीतीने वापरला जातो, त्यात दोन मोठे दोष आहेत. आदेश फिरून त्याच ठाण्याच्या दारात येऊन थांबतो, हा पहिला. सगळी यंत्रणा धमकी मिळालेल्या माणसाभोवती पहारा उभा करते आणि धमकी देणाऱ्याला मोकळे सोडते, हा दुसरा. आणि मला तो अधिक गंभीर वाटतो.

सुरुवात ठाण्यापासूनच करावी लागते. रात्री साडेनऊला एक बाई ठाणे अंमलदाराच्या टेबलासमोर उभी आहे, असे समजा. ज्या मारहाणीच्या खटल्यात ती साक्षीदार आहे, त्यातल्या आरोपीचा भाऊ दुपारी तिच्या घरासमोर मोटारसायकल लावून अर्धा तास बसून राहिला आणि जाताना ‘तारखेला गेलीस तर पोरं शाळेतून घरी यायची नाहीत’ एवढेच बोलून गेला. अंमलदाराचा पहिला प्रश्न येतो, ‘अंगाला हात लावला का?’ दुसरा येतो, ‘कुणी ऐकलं का?’ मग तो वही पुढे ओढतो आणि म्हणतो, ‘ताई, एनसी घेतो. काही झालं तर लगेच फोन करा.’ एनसी म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नोंद, जिच्यावर पोलीस स्वतःहून तपास करत नाहीत. बाई घडी घातलेला तो कागद पर्समध्ये ठेवून घरी जाते. ही बाई मी कल्पनेतून उभी केली आहे, पण ठाण्याच्या बाकावर तासभर बसलेल्या कोणालाही ती ओळखू येईल. ‘काही झालं तर’ या तीन शब्दांत सगळे येते: गुन्हा घडेपर्यंत वाट पाहायची, घडला की पंचनाम्याला यायचे.

अंमलदार दर वेळी आळशी किंवा विकलेलाच असतो असे नाही. कायद्याची रचनाच त्याला एनसीकडे ढकलते. भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५१ प्रमाणे धाकदपटशा हा गुन्हा आहे. साध्या धमकीला दोन वर्षांपर्यंत, तर जिवे मारण्याच्या किंवा गंभीर दुखापतीच्या धमकीला सात वर्षांपर्यंत शिक्षा होऊ शकते. पण फौजदारी प्रक्रिया ठरवणाऱ्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेला जोडलेल्या परिशिष्टात हा गुन्हा, अगदी सात वर्षांचा भागसुद्धा, अदखलपात्र आणि जामीनपात्र धरला आहे. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतही तसेच होते. सात वर्षांच्या शिक्षेचा गुन्हा, पण दंडाधिकाऱ्याच्या आदेशाशिवाय पोलिसांना त्याचा तपासही करता येत नाही, ही विसंगती दीडशे वर्षांच्या वारशासारखी आपण पुढे नेली आहे. दखलपात्र गुन्ह्याची खबर मिळाली की एफआयआर नोंदवणे पोलिसांवर बंधनकारक आहे, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने नोव्हेंबर २०१३ मध्ये ललिता कुमारी प्रकरणात ठणकावून सांगितले. पण धमकी मुळातच अदखलपात्र खात्यात पडत असल्याने त्या निकालाचा आधार नेमका जिथे सर्वाधिक हवा तिथे मिळत नाही.

तरीही पोलिसांचे हात बांधलेले आहेत, हे मला पटत नाही. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६८ नुसार दखलपात्र गुन्हा घडू नये यासाठी प्रत्येक पोलीस अधिकारी मध्ये पडू शकतो, आणि आपल्या कुवतीप्रमाणे तो गुन्हा रोखणे हे त्याचे कर्तव्यच आहे. धमकी अदखलपात्र असेल; पण ज्याची धमकी दिली आहे तो खून किंवा ते अपहरण तर दखलपात्र आहे. म्हणजे एनसी लिहून घेतल्यावर पोलिसांचे काम संपत नाही, तिथून ते सुरू होते. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या या संहितेने आणखी एक छोटी तरतूद आणली आहे, जिची चर्चा फार कमी होते: अदखलपात्र प्रकरणांच्या नोंदी ठाण्याने दर पंधरवड्याला दंडाधिकाऱ्याकडे पाठवायच्या आहेत. हा कागद कोणी खरोखर वाचू लागले, तर एकाच माणसाविरुद्ध महिन्याभरात तीन स्त्रियांनी दिलेल्या तीन एनसी एका टेबलावर एकत्र दिसतील. आज त्या तीन वेगळ्या पानांवर झोपून असतात.

ठाण्यात दाद लागत नाही, पोलीस अधीक्षकांना दिलेल्या अर्जाला उत्तर येत नाही, तेव्हा राज्यघटनेचे कलम २२६ उरते. उच्च न्यायालयात फौजदारी रिट याचिका करायची आणि कलम २१ मधील जीविताच्या हक्काच्या आधारे पोलिसांना कर्तव्य बजावण्याचा परमादेश मागायचा, हा तो मार्ग. या मार्गाला बळ मिळाले ते मुख्यतः आंतरजातीय व आंतरधर्मीय विवाहांच्या प्रकरणांतून. २००६ च्या लता सिंह निकालात सर्वोच्च न्यायालयाने देशभरातील पोलीस आणि प्रशासनाला बजावले की सज्ञान स्त्री-पुरुषांनी जातीबाहेर लग्न केले म्हणून त्यांना कोणी छळू नये, आणि छळणाऱ्यांवर फौजदारी कारवाई करावी. २७ मार्च २०१८ च्या शक्ती वाहिनी निकालाने त्यापुढे जाऊन यंत्रणाच आखून दिली: प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष, चोवीस तासांची हेल्पलाइन, जोडप्यांसाठी सुरक्षित निवारा, तिथे नाममात्र शुल्कात एक महिना आणि गरजेप्रमाणे महिन्यामहिन्याने वाढवत एक वर्षापर्यंत राहण्याची सोय, धमकीच्या तक्रारीची वरिष्ठ अधिकाऱ्याकडून चौकशी आणि आठवड्यात अहवाल, आणि कुचराई करणाऱ्या अधिकाऱ्यावर विभागीय कारवाई. महाराष्ट्राच्या गृह विभागाने या निवाऱ्यांबाबत आणि कक्षांबाबत सविस्तर परिपत्रक काढले ते २०२४ च्या अखेरीस, तेही मुंबई उच्च न्यायालयासमोर एका जोडप्याची याचिका उभी राहिल्यानंतर. फुले, शाहू, आंबेडकर ही नावे ज्या राज्यात प्रत्येक व्यासपीठावर घेतली जातात, त्याला एका निकालाची अंमलबजावणी करायला साडेसहा वर्षांहून अधिक काळ लागला, यावर अधिक काही बोलण्याची गरज नाही.

न्यायालयांचा सूरही सर्वत्र एक नाही. २०२१ मध्ये पंजाब आणि हरियाणा उच्च न्यायालयाच्या एका पीठाने लग्नाशिवाय एकत्र राहणाऱ्या जोडप्याला, असे संबंध नैतिक आणि सामाजिकदृष्ट्या स्वीकारार्ह नाहीत, असे म्हणून संरक्षण नाकारले. त्याच न्यायालयाच्या दुसऱ्या पीठाने त्याच सुमारास अशाच जोडप्याला ते दिले. शेवटी जून २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला सांगावे लागले की प्रश्न जीविताचा आणि स्वातंत्र्याचा आहे, तेव्हा पोलिसांनी तातडीने पावले उचलावीत. एप्रिल २०२५ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाने एका प्रकरणात असे म्हटले की आईवडिलांच्या मर्जीविरुद्ध लग्न केलेल्या जोडप्याला खरा धोका दिसत नसेल तर हक्क म्हणून संरक्षण मागता येणार नाही आणि त्यांनी एकमेकांना आधार देत समाजाला सामोरे जायला शिकावे. यातला पहिला भाग मला मान्य आहे. धोका नसेल तर पोलीस कशाला? दुसरा भाग मात्र खटकतो. समाजाला सामोरे कसे जावे, हा सल्ला आजी-आजोबांनी द्यावा, न्यायालयाने नव्हे. याचिकाकर्त्याचा प्रश्न एवढाच असतो की धोका आहे की नाही, आणि तो कोणी, कशाच्या आधारे ठरवला.

नेमकी हीच गोष्ट ठरत नाही. संरक्षणाच्या याचिकांतील फार मोठ्या संख्येने होणारा आदेश ठरावीक साच्याचा असतो: याचिकाकर्त्यांनी पोलीस अधीक्षकांकडे निवेदन द्यावे, अधीक्षकांनी धोक्याची शहानिशा करून कायद्याप्रमाणे योग्य ती कार्यवाही करावी, याचिका निकाली. वरवर पाहता यात चूक काढणे कठीण आहे. न्यायाधीश काही गावात जाऊन चौकशी करणार नाहीत. ते काम पोलिसांचेच. पण या आदेशाचा प्रवास पाहा. उच्च न्यायालयाकडून तो अधीक्षक कार्यालयात येतो, तिथून उपविभागीय अधिकाऱ्याकडे, तिथून ठाण्याच्या निरीक्षकाकडे ‘चौकशी करून अहवाल सादर करावा’ या शेऱ्यासह, आणि शेवटी ज्याने पहिल्या दिवशी ‘काही झालं तर फोन करा’ म्हटले होते त्याच अंमलदाराच्या टेबलावर. तो गावच्या पोलीस पाटलाला फोन लावतो, दोन-चार जणांचे जबाब घेतो, त्यात कधी ज्यांची भीती आहे त्यांचेही, आणि ‘सद्यःस्थितीत गावात शांतता असून धोका दिसून येत नाही’ असे लिहून मोकळा होतो. हा अहवाल याचिकाकर्त्याला मिळत नाही. याचिका निकाली निघालेली असल्यामुळे तो न्यायालयापुढेही येत नाही. म्हणजे ज्या यंत्रणेच्या निष्क्रियतेविरुद्ध दाद मागितली, तिनेच आपल्या निष्क्रियतेला प्रमाणपत्र दिले आणि ते फायलीत गेले.

नकार लेखी आणि सकारण नसतो, याचे परिणाम काय होतात ते तळेगाव दाभाडेने पाहिले आहे. जमीन व्यवहारांतील गैरप्रकार माहिती अधिकारातून उघड करणारे सतीश शेट्टी यांनी धमक्या येत असल्याचे सांगून पोलीस संरक्षण मागितले होते. ते मिळाले नाही. १३ जानेवारी २०१० रोजी सकाळी फिरायला गेले असताना त्यांचा खून झाला आणि मग मुंबई उच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली. खुनानंतर स्वतःहून दखल घेणारी व्यवस्था खुनाआधी अर्जावर एक सकारण ओळ लिहायला का तयार नसते, हा प्रश्न तेव्हा विचारला गेला आणि अजून विचारावा लागतो.

आदेश मिळूनही काय घडू शकते, त्याचे सर्वांत विदारक उदाहरण हरियाणातले आहे. कैथल जिल्ह्यातील एकाच गोत्रातील मनोज आणि बबली यांनी लग्न केले, कुटुंबाच्या आणि जातपंचायतीच्या धमक्यांमुळे ते न्यायालयापुढे गेले, न्यायालयाने पोलीस संरक्षणाचा आदेश दिला. जून २००७ मध्ये कैथलच्या न्यायालयात जबाब देऊन परतताना पोलिसांनी त्यांना वाटेत सोडून दिले. दोघांनी पुढची बस पकडली, ती अडवून त्यांना उतरवले गेले, आणि काही दिवसांनी त्यांचे मृतदेह कालव्यात सापडले. मार्च २०१० मध्ये कर्नालच्या सत्र न्यायालयाने पाच नातेवाइकांना फाशीची शिक्षा सुनावली. पुढे उच्च न्यायालयाने त्यांतल्या चौघांची शिक्षा जन्मठेपेत बदलली आणि एकाला निर्दोष सोडले. संरक्षण नव्हते म्हणून हे दोघे मारले गेले, असे म्हणता येत नाही. संरक्षण होते. आदेश होता, गणवेशातील माणसे होती, गाडीत शेजारी बसली होती. ती कुठपर्यंत सोबत राहणार आणि कोणाच्या परवानगीने परत फिरणार, हे कोणी लिहून ठेवलेले नव्हते. ज्यांच्यापासून धोका होता ते नातेवाईक त्या दिवशी कुठे आहेत, यावर नजर ठेवण्याचे काम तर कोणाकडेच नव्हते.

माझ्या दुसऱ्या आक्षेपाचे मूळ इथे आहे. आपल्या मनात पोलीस संरक्षण म्हटले की एक शिपाई, एक बंदूक आणि दाराबाहेरची प्लास्टिकची खुर्ची येते. ज्याला हे संरक्षण मिळाले त्याला विचारा. घरात पाहुणा आल्यासारखा शिपाई येतो, त्याला चहा लागतो, मोबाइलचे चार्जिंग लागते, बसायला जागा लागते. दोन खोल्यांच्या घरात तरुण मुली असतील तर त्या आतल्या खोलीत कोंडल्यासारख्या होतात. भाजी आणायला जाताना गल्ली बघत राहते. धमकी मिळालेल्या माणसाचे जगणे आक्रसते आणि धमकी देणारा चौकात मित्रांसोबत बसून ते बघतो. जन्मभर धमक्या येऊनही डॉ. नरेंद्र दाभोलकरांनी पोलीस संरक्षण घ्यायला नकार दिला होता. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात त्यांची हत्या झाली, म्हणून त्यांचा नकार चुकीचा होता असे मागे वळून म्हणणे सोपे आहे. पण कार्यकर्त्याने शिपाई घेऊन गावोगाव फिरावे की सरकारने धमकी देणाऱ्यांचा माग काढावा, या प्रश्नात दुसऱ्या पर्यायाची जबाबदारी त्यांची नव्हती, सरकारची होती.

धमकी देणाऱ्याला आवरण्याची साधने पोलिसांकडे भरपूर आहेत आणि ठाण्यातल्या प्रत्येकाला ती पाठ असतात. ज्याला सगळे ‘चॅप्टर केस’ म्हणतात ती शांतता राखण्याच्या बंधपत्राची कारवाई नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १२६ खाली करता येते. बंधपत्र एक वर्षापर्यंत असू शकते आणि चौकशी सुरू असतानाही तात्पुरते घेता येते. निवडणूक जाहीर झाली की हीच कारवाई घाऊक प्रमाणात होते, मग एका धमकी मिळालेल्या साक्षीदारासाठी ती का अवघड वाटते? धमकी देणारा एखाद्या खटल्यात जामिनावर असेल तर जामीन रद्द करण्याचा अर्ज करता येतो. सराईत असेल तर महाराष्ट्र पोलीस कायद्याखाली तडीपारीचा प्रस्ताव करता येतो. या सगळ्या कारवायांत जाच होतो तो धमकी देणाऱ्याला. तारखांना त्याला जावे लागते, जामीनदार त्याला शोधावे लागतात. पहाऱ्याच्या संरक्षणात हा सगळा जाच उलट बाजूला जातो.

न्यायालयाने आदेश थेट धमकी देणाऱ्याला उद्देशून द्यायचा, याचा नमुना आपल्या कायद्यात आधीच आहे. कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण अधिनियम, २००५ च्या कलम १८ प्रमाणे दंडाधिकारी प्रतिवादीला सांगू शकतो की तू तिच्या कामाच्या ठिकाणी जायचे नाहीस, फोन करायचा नाहीस, तिच्या नातेवाइकांना त्रास द्यायचा नाहीस. कलम ३१ प्रमाणे हा आदेश मोडणे हाच स्वतंत्र दखलपात्र गुन्हा आहे, त्याला एक वर्षापर्यंत कैद किंवा वीस हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. त्या कायद्याची अंमलबजावणी किती रडतखडत होते हे मला ठाऊक आहे. संरक्षण अधिकाऱ्याकडे दहा कामे असतात. तरी त्यातली कल्पना मोलाची आहे. आदेश मोडल्यावर पोलिसांना ‘अंगाला हात लावला का’ असे विचारायला जागा राहत नाही. उंबरठ्यापाशी येणे हाच गुन्हा ठरतो. हा आदेश फक्त घरातल्या नात्यापुरता का असावा? साक्षीदाराला, माहिती अधिकार कार्यकर्त्याला, जातपंचायतीने वाळीत टाकलेल्या कुटुंबाला, घर सोडून लग्न केलेल्या जोडप्याला असा आदेश मागता आला पाहिजे, आणि तो तालुक्याच्या न्यायालयात मागता आला पाहिजे.

तालुक्याचा आग्रह सोयीपुरता नाही. उच्च न्यायालय दूर असते. सिंधुदुर्गातल्या माणसाला रिटसाठी मुंबई गाठावी लागत होती. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाल्याने सहा जिल्ह्यांना दिलासा मिळाला, पण गडचिरोलीच्या टोकाच्या गावातून नागपूर आजही एका दिवसात जाऊन येण्यासारखे नाही. ज्याला घराबाहेर पडायचीच भीती आहे, त्याला आपण सांगतो की तीनशे किलोमीटर प्रवास कर. वकिलाची फी हा वेगळाच विषय आहे. विधी सेवा प्राधिकरणाकडून स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न ठेवता मोफत वकील मिळू शकतो, पण हे सांगणारा फलक ठाण्यात कधी दिसलाच तर कपाटामागे दिसतो.

याचिकेच्या कागदातच आणखी एक धोका दडलेला असतो, त्याकडे वकिलांचेही दुर्लक्ष होते. शीर्षकात याचिकाकर्त्याचे नाव, वय, व्यवसाय आणि राहण्याचा पत्ता लिहायचा असतो. मुलीचे वडील आणि भाऊ प्रतिवादी क्रमांक चार व पाच असतात आणि नियमाप्रमाणे त्यांना याचिकेची प्रत द्यावी लागते. म्हणजे जीव वाचवण्यासाठी लपून राहिलेले जोडपे आपला सध्याचा पत्ता टंकलेल्या अक्षरांत आपल्याच शोधकर्त्यांच्या हाती देते. विशेष विवाह कायद्यातील तीस दिवसांची जाहीर नोटीस तर यापेक्षा जुनी आणि कुप्रसिद्ध आहे. पत्ता सीलबंद लिफाफ्यात न्यायालयाकडे द्यावा, प्रतीत वकिलाचा पत्ता असावा, एवढा साधा नियम उच्च न्यायालयांना कोणत्याही नव्या कायद्याशिवाय करता येईल.

या सगळ्यासाठी नवे काही शोधून काढण्याचीही गरज नाही, कारण बरीचशी रचना साक्षीदार संरक्षण योजनेत तयार आहे. आसाराम प्रकरणातील साक्षीदारांवर हल्ले आणि काहींचे खून झाल्यानंतर आलेल्या याचिकेत सर्वोच्च न्यायालयाने ५ डिसेंबर २०१८ रोजी, महेंदर चावला प्रकरणात, ही योजना देशभर लागू केली आणि संसदेने कायदा करेपर्यंत तीच कायदा मानावी असे सांगितले. आता नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३९८ प्रमाणे प्रत्येक राज्याने अशी योजना करायची आहे. महाराष्ट्राने तर त्याआधीच २०१७ मध्ये स्वतंत्र कायदा केला होता. २०१८ च्या योजनेत अर्ज जिल्ह्यातच करायचा असतो, जिल्हा व सत्र न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालील समितीपुढे, जिच्यात जिल्हा पोलीस प्रमुख आणि सरकारी अभियोक्त्यांचे प्रमुख असतात. धोक्याचे विश्लेषण ठाण्याचा अंमलदार करत नाही. ते पोलीस उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याने पाच कामकाजाच्या दिवसांत द्यायचे असते, आणि धोका तातडीचा असेल तर तोवर अंतरिम संरक्षण देता येते. उपायही शिपायापुरते नाहीत: फोन नंबर बदलणे, दाराला कुलपे आणि कॅमेरे, न्यायालयात आरोपीशी समोरासमोर गाठ पडू न देणे, बंद दालनात साक्ष, गरज पडल्यास राहण्याचे ठिकाण बदलणे. ही योजना काही गुन्ह्यांच्या साक्षीदारांपुरती मर्यादित आहे. तिची दारे धमकी मिळालेल्या इतर माणसांसाठी उघडावीत, एवढीच माझी मागणी आहे. समितीचा आदेश सकारण असावा, नाकारला तरी, म्हणजे वर दाद मागताना उच्च न्यायालयापुढे रिकामा कागद न येता तपासण्याजोगे काहीतरी येईल.

याला दोन आक्षेप घेतले जातात आणि दोन्हींत तथ्य आहे. पोलीस कमी आहेत. प्रत्येक धमकीला एक शिपाई दिला तर ठाण्यात कोण उरणार? आणि खोट्या धमक्या दाखवून संरक्षण मिळवणारेही कमी नाहीत. गाडीच्या पुढच्या सीटवर बंदूकधारी शिपाई बसला की गावात वजन वाढते, हे महाराष्ट्रात कोणाला समजावून सांगायला नको. बांधकाम व्यावसायिक, चित्रपटातील मंडळी आणि राजकीय कार्यकर्त्यांना दिलेल्या संरक्षणाची फी थकल्याचा प्रश्न जनहित याचिकेतून मुंबई उच्च न्यायालयापुढे येऊन गेला आहे. जमिनीच्या वादात तर ‘पोलीस संरक्षण’ हा ताबा घेण्याचाच डाव असतो: कुंपण घालताना शेजारी पोलीस उभा केला की अर्धा दावा जिंकला. सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये पी. आर. मुरलीधरन प्रकरणात स्पष्ट केले की दिवाणी हक्काचा वाद पोलीस संरक्षणाच्या रिटच्या आडून सोडवता येणार नाही. हक्क आधी दिवाणी न्यायालयात ठरला पाहिजे. हे योग्यच आहे. पण हे दोन्ही आक्षेप शिपायाच्या संरक्षणाला लागू होतात. धमकी देणाऱ्याकडून बंधपत्र घेण्याने मिरवण्यासारखे काही हाती लागत नाही आणि त्यात मनुष्यबळही जवळजवळ लागत नाही. ज्याला फक्त प्रतिष्ठेची बंदूक हवी आहे, तो असा अर्ज करणारच नाही.

ऐपतीचा भेद मात्र वेगळा बोलून दाखवला पाहिजे. फेब्रुवारी २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने देशातील एका बड्या उद्योगपती कुटुंबाला देशात आणि परदेशातही सर्वोच्च श्रेणीचे संरक्षण, त्यांच्याच खर्चाने, देण्याचा आदेश दिला. खर्च ते करत आहेत, त्यामुळे तक्रार करण्यासारखे त्यात काही नाही. तरी त्या प्रकरणात धोक्याचे मूल्यमापन, केंद्र सरकारची भूमिका आणि संरक्षणाची व्याप्ती यांवर सर्वोच्च न्यायालयात युक्तिवाद झाला, आणि ज्या साक्षीदार बाईपासून मी सुरुवात केली तिच्या धोक्याचे मूल्यमापन एका फोनवर, पोलीस पाटलाला विचारून होते. दोघांचेही कलम २१ एकच आहे.

आता राहिला मुदतीचा प्रश्न. साक्षीदार संरक्षण योजनेतले संरक्षण एका वेळी तीन महिन्यांपर्यंत असते, आणि ते ठीक आहे. धोका कायमचा नसतो, त्याचा आढावा व्हायला हवा. पण प्रत्यक्षात संरक्षण संपते ते आढावा होऊन नव्हे. गणेशोत्सवाचा बंदोबस्त लागतो, एखाद्या मंत्र्याचा दौरा येतो, आणि एका सकाळी शिपाई येत नाही. दुपारी फोन केला तर ‘साहेबांनी तात्पुरते परत बोलावले आहे’ असे उत्तर मिळते. दुसऱ्या दिवशीही तो येत नाही, तिसऱ्या दिवशी खुर्ची आत घेतली जाते. संरक्षण काढल्याचा कोणताही लेखी आदेश नसतो, त्यामुळे त्याला आव्हान द्यायलाही काही हातात नसते. आणि न्यायालयाच्या दप्तरी पाहिले तर त्या माणसाला अजून संरक्षण आहे.